छपराचे कंडक्टर

सुरुवातीलाच माफी मागते. मास्तरांबद्दल लिहायचा अधिकार मला कुणी दिलेला नाही. आमच्या घरात माझ्याआधी कुणी कॉलेजात गेलेलं नाही, त्यामुळे माणसावर लिहायचं तर सुरुवात कुठून करायची, हे विचारायलाही घरात कुणी नाही. आईला विचारलं तर ती भाजी निवडता निवडता म्हणाली, "त्यांच्या कौलांवर लिही. माणूस आपोआप येईल." म्हणून कौलांपासून सुरू करते. चुकलं तर सांभाळून घ्यावं. मास्तर मात्र सांभाळून घेणार नाहीत, हे मला ठाऊक आहे. एवढं वाचूनच ते म्हणतील, "दारात काय उभी राहिलीस? पुढे सरक."

मास्तर म्हणजे शिक्षक नव्हेत. हे कॉलेजातल्या मैत्रिणींना मला दर वेळी सांगावं लागतं. मुंबईत बसच्या कंडक्टरला मास्तर म्हणतात, तसे ते मास्तर. मला कळायला लागलं तेव्हा ते रिटायर झालेले होते. खाकी कपडे गेले होते, पण सवयी जागच्या जागी होत्या. चाळीच्या जिन्यात दोन माणसं बोलत उभी दिसली की ते मागून म्हणायचे, "चला, पुढे मोकळं आहे." लग्नाच्या पंगतीत ते बसलेल्यांची डोकी मोजत फिरायचे. आणि खिशात कायम तिकिटाला भोक पाडायचा लोखंडी पंच. नोकरीतला त्यांनी शेवटच्या दिवशी जमा केला होता. "तो कंपनीचा. हा चोरबाजारातला, माझा स्वतःचा," असं ते न विचारताच सांगायचे.

आमची चाळ लालबागची. तीन मजली, वर मंगलोरी कौलांचं उतरतं छप्पर. आजूबाजूच्या इमारतींना गच्च्या होत्या, तिथे लोक पापड वाळवायचे, मुलं अभ्यास करायची. आमच्या छपराचा तसा काही उपयोग नव्हता. त्याने फक्त पाऊस अडवायचा. तिसऱ्या मजल्यावर, गॅलरीच्या अगदी टोकाला आमची खोली. अंथरुणावर पाठ टेकली की वर वासे, रिपा आणि कौलांचा खालचा भाग दिसायचा. मास्तर चाळीतल्या मुलांना नावाने कधी हाक मारत नसत. मला ते 'लास्ट स्टॉप' म्हणायचे.

बारावीच्या वर्षी मी दुपारी गॅलरीत बसून वाचायचे आणि पुस्तकावर डोकं ठेवून झोपून जायचे. मग कानाशी कठड्यावर पंच वाजायचा. टक टक टक.

"लास्ट स्टॉप आला! उठा! गाडी पुढे जाणार नाही!"

"मास्तर, पाचच मिनिटं."

"लास्ट स्टॉपला झोपलेला पॅसेंजर दिसला तर उठवायचा, हा नियम आहे. पाय धरलेस तरी उठवणार."

त्या वर्षी मी पास झाले त्याचं थोडं श्रेय त्या पंचाला द्यावं लागेल.

आता छप्पर. चाळीत मास्तरांची खोली तळमजल्यावर होती. छप्पर चाळणीसारखं गळलं असतं तरी त्यांच्या खोलीपर्यंत थेंब पोचायला मध्ये तीन मजले होते. तरीही वर्षानुवर्षं ते छप्पर साफ करायचं काम त्यांनी कुणी न सांगता अंगावर घेतलं होतं. माझ्या बाबांनी एकदा विचारलं, "मास्तर, तुम्हाला काय त्रास? तुम्ही खाली कोरडे." त्यावर ते बाबांकडे असे बघायला लागले की जणू बाबांनी फाटकी नोट पुढे केली. "मी बसचा कंडक्टर होतो," ते म्हणाले, "सीटचा नाही."

छप्पर कधी साफ करायचं, यावर ते कुणाचं ऐकत नसत. सगळे लोक मे महिना संपत आला की घाबरून वर बघतात. मास्तर म्हणायचे, तेव्हा उशीर झालेला असतो. त्यांची पहिली फेरी होळी झाली की. तोवर संक्रांतीचे पतंग आणि मांजा अडकायचे ते अडकलेले असतात, आणि शेवाळ वाळून पापडासारखं कुरकुरीत झालेलं असतं. काथ्याचा झाडू फिरवला की सुटतं. "ओलं शेवाळ ओढायचं नाही. ते कौलाची साल घेऊन येतं." दुसरी फेरी पाऊस संपल्यावर, दसऱ्याच्या आधी, कारण पावसात रुजलेली पिंपळाची रोपं तेव्हा बोटाएवढी असतात. पुढच्या वर्षी तीच रोपं कौल उचलतात. आणि मेअखेरीला फक्त पन्हळ, म्हणजे छपराच्या कडेची पाणी वाहून नेणारी पत्र्याची नाळ. त्यातला पाला, प्लास्टिक, दिवाळीतल्या रॉकेटच्या काड्या काढायच्या आणि उतरायचं. बाकी कशाला हात लावायचा नाही, कारण तेव्हा कावळ्यांची घरटी असतात.

त्यातला एक कावळा मास्तरांना ओळखायचा. ते चाळीत सगळ्यांना माहीत होतं. पन्हळीकडे दुसरं कुणी गेलं तर तो नुसता ओरडायचा, मास्तर गेले की डोक्यावर टोच मारायचा. म्हणून मास्तर काकींचा भाताचा टोप डोक्यावर उपडा घालून, हनुवटीखाली नाडीने बांधून वर जायचे. खाली गॅलरीत काकी उभ्या. मास्तरांची बायको, सगळ्या चाळीची काकी, मूळची मालवणकडची, आणि मास्तरांना भर चाळीत ऐकवणारी एकटीच.

"माझो भाताचो टोप खय गेलो?"

वरून नुसता पन्हळ खरवडल्याचा आवाज.

"टोपासकट खाली येवा नायतर आज कावळ्याकडेच जेवा!"

मास्तरांचं म्हणणं, छप्पर चकचकीत असायची गरजच नाही. "आपल्याला काय त्याच्यावर जेवायचंय? पाणी थांबता कामा नये, बस्स." पाणी म्हणजे त्यांच्या लेखी पॅसेंजर. ते आढ्याकडून, म्हणजे छपराच्या सगळ्यात वरच्या रेषेकडून चढणार, एका कौलावरून दुसऱ्यावर सरकत पन्हळीशी उतरणार. मध्ये कुणी अडवायचं नाही. शेवाळ म्हणजे दारात लटकणारी पोरं, आणि पिंपळ म्हणजे लगेज घेऊन चढलेला माणूस. तो उतरायचं नावच घेत नाही. हे सगळं ते इतक्या गंभीरपणे सांगायचे की हसायलाही भीती वाटायची.

त्यांची सगळ्यात विचित्र सवय मला फार आवडायची. झाडून झालं की ते एकेका कौलावर पंच हलकेच वाजवत जायचे आणि कान लावायचे. चांगलं कौल खणकन बोलतं. बारीक तडा असेल तर आवाज बसका येतो, मग तो तडा डोळ्यांना दिसो न दिसो. "हे बोलतंय. हेही बोलतंय. हा मुका. उतरवा ह्याला." सकाळी दूधवाल्याच्या वेळेला वरून तो टण टण आवाज यायचा, आणि आई चहा गाळता गाळता म्हणायची, "मास्तरांची तिकिटं सुरू झाली."

सगळंच त्यांना कळत होतं असं मात्र नाही. एक वर्ष त्यांनी भेगांत चुना आणि गूळ भरला होता, जुन्या बांधकामात घालतात म्हणून. त्याचा एवढाच परिणाम झाला की महिनाभर सगळ्या परळ-लालबागच्या मुंग्या आमच्या छपरावर मुक्कामाला होत्या. तो विषय काढलेला त्यांना खपत नसे.

आता त्या वर्षाबद्दल लिहायचं, म्हणजे ज्यासाठी मी हे सगळं लिहायला घेतलं.

मी तेव्हा कॉलेजच्या पहिल्या वर्षाला होते. आमच्या मंडळाचा माघी गणपती असतो, आणि त्या वर्षी मंडळाचं महोत्सवी वर्ष होतं म्हणून अध्यक्षाने ड्रोनने व्हिडिओ काढायचं ठरवलं. अध्यक्ष म्हणजे आमच्याच चाळीतला, दुसऱ्या मजल्यावरचा मुलगा, मनाने चांगला, पण अंगात घाई. ड्रोन उडवून पाहिला तर वरून चाळ दिसली आणि छप्पर काळपट दिसलं. आता मास्तर तर होळीनंतरच चढणार. अध्यक्षाचा एक मित्र गाड्या धुवायच्या गॅरेजमध्ये होता. त्याच्याकडून जोराने पाणी मारायचा पंप आणला, आणि चार दांडगी पोरं बूट घालून छपरावर चढली.

मास्तर खाली चौकात उभे राहून ओरडत होते, "अरे, खालून वर मारू नका! पाणी वरून खाली! वरून खाली!"

"मास्तर, टेन्शन नका घेऊ," अध्यक्ष वरून म्हणाला, "एकदम नवीन करून देतो तुमचं छप्पर."

छप्पर खरोखरच लालभडक झालं. व्हिडिओ सगळ्यांच्या फोनवर फिरला. आणि थंडीच्या दिवसांत, आभाळात ढग नसताना, आमच्या खोलीत पाऊस पडला. कौलं एकमेकांवर खालच्या बाजूला तोंड करून बसवलेली असतात. खालून जोराने पाणी मारलं की ते त्यांच्या पोटात शिरतं. गाद्या, भिंतीवरचं कॅलेंडर, माझ्या लायब्ररीतल्या पुस्तकांसकट सगळं भिजलं. मास्तर जिना चढून आले, आमच्या खोलीच्या मधोमध उभे राहिले आणि मान वर केली. 

मग म्हणाले, "सगळे पुढच्या दाराने चढवले. उतरायच्या दाराने."

गाद्या वाळल्या, तेवढ्यावर भागलं असतं तर बरं होतं. पण बुटांखाली कौलं तडकली होती, काही जागची सरकली होती, आणि निघालेल्या शेवाळाचा सगळा चिखल पन्हळीत जाऊन सिमेंटसारखा घट्ट बसला होता. मालकाचा माणूस येऊन वर बघून गेला. कौलं परतणारे कामगार आता मुंबईत मिळत नाहीत, आणि इमारत आज ना उद्या पाडायचीच आहे, तेव्हा तिसऱ्या मजल्याने पावसाळ्यापुरतं दुसरीकडे राहायला जावं, असं तो म्हणाला. 'पावसाळ्यापुरतं' हा शब्द त्याने दोनदा उच्चारला. त्या रात्री बाबा जेवले नाहीत. पुनर्विकासाची बोलणी सुरू होती. अशा वेळी खोलीला कुलूप लावून गेलेल्या माणसाला परत आत येऊ देतील की नाही, याची खात्री कुणीच देत नव्हतं. आमच्या अख्ख्या मजल्याची घरं त्या छपरावर लटकली होती.

सगळ्यांनी मास्तरांकडे पाहिलं, आणि मास्तर होळी झाली तरी वर चढेनात.

कारण काकींनी सांगितलं. "वर बघला की तेंका गरगरता. दिवाळीपासून. कोणाक सांगूक नाय, पंच वाजवत फिरतत नुसते." मास्तर दाराशी बसून पंच पुसत होते. आपलं सगळं गुपित आपल्यासमोर बाहेर पडतंय, हे ऐकूनही ते पंचच पुसत राहिले. तेव्हा मला पहिल्यांदा ते म्हातारे वाटले.

"मग कोण चढणार?" अध्यक्षाने विचारलं. तो रोज येऊन बसायचा. त्याचं तोंड एवढंसं झालं होतं. "मी चढतो, मास्तर."

"तू चढलास म्हणून तर ही वेळ आली," मास्तर म्हणाले. "तुझं वजन किती, तुझी घाई किती!"

तेव्हा काकी तांदूळ पाखडत होत्या. सूप खाली न ठेवताच त्या म्हणाल्या, "ह्या पोरी एकमेकींच्या खांद्यार उभी रवतत मां? मग कौलार उभी रवाक काय झाला?"

सांगायचं राहिलं. आमच्या चाळीत मुलींचं गोविंदा पथक आहे. दहीहंडीला आम्ही थर लावतो. मी दुसऱ्या थरात असते, म्हणजे माझ्या पायाखाली एक मुलगी आणि खांद्यावर एक मुलगी.

"छे!" मास्तर म्हणाले. "तिथे फोडायची असते. इथे काही फोडायचं नाही."

"तुमी गूळ घातलास तेव्हा काय जोडलास?" काकी म्हणाल्या.

मास्तर तो विषय तिथेच सोडून माझ्याकडे वळले. मग त्यांनी मला विचारलं, "लास्ट स्टॉप, खालच्या मुलीच्या खांद्यावर पाय कसा ठेवतेस?"

मी सांगितलं. पाय मानेजवळ, हाडावर. मांसावर ठेवला तर तिला लागतं आणि आपण घसरतो. आधी पावलाचा पुढचा भाग, मग टाच. आणि पाय ठेवायच्या आधी भार द्यायचा नाही.

मास्तरांनी हातातला पंच खिशात टाकला. "कौलालाही हाड असतं," ते म्हणाले. "खालची कड. तिथे ते दुसऱ्या कौलावर बसतं, आणि खाली लाकडाची रीप असते. मधे पाय पडला की मेलं."

घरी आई तयार नव्हती. "कॉलेजात घातलंय ते कौलं चढायला? तुझ्या आज्याने मिलमध्ये आयुष्य काढलं, बाबा दारावर उभे राहतात, ते तू टेबलावर बसून काम करावंस म्हणून." बाबा सिक्युरिटीत आहेत. तिचं खरंच होतं. शेवटी बाबाच म्हणाले, "टेबल ठेवायला खोली तर राहू दे."

मग आम्ही पथकातल्या हलक्या मुली निवडल्या. पथकाचे सुरक्षा पट्टे होते, हेल्मेटं होती. जिन्याच्या टोकाला छपरात एक झडप आहे, तिथे अध्यक्ष आणि त्याची तीच दांडगी पोरं आमचे दोर धरून बसली. "मास्तर, मी काय बोलू?" अध्यक्ष म्हणाला. "बोलू नकोस," मास्तर म्हणाले. "धर." बूट नाहीत, जाड मोजे घालायचे. दव सुकल्यावर चढायचं आणि कौलं तापायच्या आत उतरायचं.

मास्तर स्वतः समोरच्या इमारतीच्या गच्चीवर प्लास्टिकच्या खुर्चीत. तिथून छप्पर समोर दिसायचं, मान वर करावी लागत नव्हती. तोंडात शिट्टी. एक शिट्टी म्हणजे थांबा, दोन म्हणजे चला, बसच्या घंटीसारखं. मागे काकी त्यांच्या शर्टाचं टोक मुठीत धरून उभ्या. मास्तर उठायला लागले की त्या शर्ट ओढून त्यांना बसवायच्या.

पहिल्या सकाळी मी झडपेतून डोकं बाहेर काढलं. थर लावताना खाली माणसं असतात, गर्दी असते, ढोल असतो. इथे उतरतं लाल छप्पर, त्याच्या कडेला काही नाही, आणि पलीकडे सगळं लालबाग. मी तिसरं की चौथं पाऊल टाकलं आणि पायाखाली कट् असा आवाज आला. एक शिट्टी. मी दगडासारखी थांबले.

"खाली कोण आहे तुझ्या?" मास्तर पलीकडून ओरडले.

"कुणी नाही, मास्तर!"

"कसं नाही? खोली कुणाची आहे ती?"

मी खाली पाहिलं. सरकलेल्या दोन कौलांमधल्या फटीतून आमची खोली दिसत होती. आई मधोमध उभी राहून वर बघत होती. हातात पोळीचं लाटणं तसंच.

"तिच्या खांद्यावर ठेवल्यासारखा ठेव," मास्तर म्हणाले.

दोन शिट्ट्या. मी पुढचा पाय ठेवला. त्यानंतर माझ्या पायाखाली एकही कौल तडकलं नाही. हे मी बढाई मारण्यासाठी लिहीत नाही. थोडीशी मारतेही आहे.

कौलांचं तोंड खाली असतं म्हणून आढ्याकडून झाडत खाली यायचं. सरकलेलं कौल उचलून त्याच्या खाचेत परत बसवायचं. पन्हळीतला घट्ट चिखल आम्ही उलथन्यांनी खरवडला. चाळीतल्या झाडून सगळ्या घरांतली उलथनी त्या आठवड्यात छपरावर होती. फुटलेल्या कौलांच्या जागी नवी कुठून आणायची, हा प्रश्नच आला नाही. शौचालयामागे जुन्या कौलांची एक रास होती. आजूबाजूच्या चाळी पाडल्या जायच्या तेव्हा मास्तर तिथून चांगली कौलं उचलून आणायचे. लोक त्यांना भंगारवाले म्हणायचे. काकींनी त्या राशीवर तुळशीची कुंडी ठेवली होती. ती कुंडी उचलली तेव्हा काकींनी आधी तिला नमस्कार केला आणि मग मास्तरांना म्हणाल्या, "बरा झाला, तुमच्या कचऱ्याक पाय फुटले."

सगळं झाल्यावर शेवटच्या सकाळी मास्तरांनी मला गच्चीवर बोलावलं आणि पंच माझ्या हातात दिला. आजवर त्यांनी तो कुणालाही दिला नव्हता. काकी एकदा अक्रोड फोडायला मागत होत्या, तरी दिला नव्हता.

"मला इथून ऐकू येणार नाही," ते म्हणाले. "तूच ऐक. मुका निघाला तर उतरव. दया करायची नाही."

मी एकेका कौलावर पंच वाजवत गेले. बोलणारं कौल काय असतं ते तेव्हा कळलं. तो आवाज हातातून कोपरापर्यंत येतो. खाली गल्लीत माणसं थांबून वर बघत होती. एक आजोबा म्हणाले, "मास्तर चढले काय?" आणि कुणीतरी उत्तर दिलं, "नाही, मास्तरांच्या पोरी."

आता परीक्षा. पावसाची वाट मास्तर बघणार नव्हते. कळशी कळशी पाणी दोराने वर घेतलं आणि आढ्यावरून ओतायचं ठरलं. तिसऱ्या मजल्यावर प्रत्येक घर आपापल्या खोलीत उभं, माना वर. थेंब दिसला तर 'आला' म्हणायचं, नाही दिसला तर 'नाही'. मी पहिली कळशी ओतली. पाणी एका कौलावरून दुसऱ्यावर सरकत पन्हळीत गेलं आणि कोपऱ्यातल्या नळातून खळखळत खाली आलं.

"नाही!" पहिल्या खोलीतून आवाज आला.

पुढची कळशी. "नाही!"

अशी करत करत मी आमच्या खोलीवर आले. ओतली. पाणी गेलं. खालून काहीच आवाज नाही.

"आई?"

समोरच्या गच्चीवर मास्तर खुर्चीतून उठले होते, आणि काकींनी त्यांचा शर्ट ओढला नव्हता.

"आई! आला का?"

"अगं, नीट बघतेय ना मी!" आई आतून ओरडली. "आणखी एक ओत."

मी आणखी एक ओतली.

"नाही," आई म्हणाली. मग गॅलरीत येऊन सगळ्या चाळीला ऐकू जाईल असं म्हणाली, "आमच्याकडे नाही!"

मास्तरांनी दोन शिट्ट्या दिल्या.

त्या पावसाळ्यात तिसरा मजला कुठेही राहायला गेला नाही. पुढच्या वर्षीही होळीनंतर आम्हीच चढलो, आणि अध्यक्षाने त्याचाही ड्रोनने व्हिडिओ काढला. त्यात लाल छप्पर नाही, थोडं काळपटच आहे. पण मोजे घातलेल्या मुली रांगेने खाली सरकताना दिसतात, आणि कोपऱ्यात एका गच्चीवर खुर्ची, तिच्यात एक माणूस आणि मागे शर्ट धरलेली बाई. तो व्हिडिओ माझ्या फोनमध्ये आहे. कॉलेजात कुणी विचारलं, तुम्ही काय करता दहीहंडीखेरीज, की मी तो दाखवते.

मग बोलणी पक्की झाली. सगळ्यांचे करार एकदम झाले, एकत्र झाले, आणि तिसरा मजला त्या कागदांत पूर्णपणे होता. आम्ही काळाचौकीला भाड्याने राहायला आलो. मास्तर आणि काकी अँटॉप हिलला मुलाच्या सरकारी क्वार्टरमध्ये गेले. निघताना मास्तरांनी पंच परत मागितला. मी मुकाट्याने दिला. तो त्यांचा स्वतःचा आहे.

चाळ मात्र उभीच राहिली. काहीतरी परवानगी अडली म्हणे. मी कॉलेजला जाताना वाट वाकडी करून तिथून जाते. यंदा ऑगस्टमध्ये, पाऊस थांबला नव्हता अशा एका दिवशी, फाटकाशी वॉचमन चहा पीत होता. मी सहज विचारलं, एवढ्या मोठ्या रिकाम्या चाळीत तुम्ही राहता कुठे? तो म्हणाला, "नीचे बहुत सीलन है, बेटी. ऊपर सोता हूँ, तीसरे माले पे, एकदम आखरी वाला कमरा. पंखा नहीं है, लेकिन सूखा है. एक बूँद नहीं."

मी त्याच दिवशी अँटॉप हिलला गेले. काकींनी दार उघडलं. मास्तर खिडकीशी बसले होते, मांडीवर पंच. बारीक झाले होते. मी चपला काढता काढताच सांगून टाकलं, "मास्तर, आपल्या चाळीत वॉचमन राहतो."

मागून काकी हाताने नको नको करत होत्या, ते मला उशिरा दिसलं. चाळ केव्हाच पाडली, असं मुलाने त्यांना सांगितलं होतं. नाहीतर होळी आली की ते रोज बॅग भरून निघायचे.

"पाडली ना?" मास्तर म्हणाले.

आता मागे फिरता येत नव्हतं. "नाही, मास्तर. उभी आहे. तो वर झोपतो. खाली ओल आहे म्हणून तिसऱ्या मजल्यावर. वर एक थेंब गळत नाही म्हणाला."

मास्तरांनी काकींकडे पाहिलं. काकींनी पदर डोळ्यांना लावला आणि म्हणाल्या, "माका कित्याक बघतास? झिलाक विचारा." पण मास्तर रागावले नव्हते. त्यांची पाठ हळूहळू ताठ होत होती. पंगतीत डोकी मोजताना व्हायची, तशी.

"पन्हळ?"

"कुणी साफ केलेली नाही. तरी नाही गळत."

"कुठल्या खोलीत झोपतो?"

"आमच्या."

"म्हणजे लास्ट स्टॉपला." त्यांनी पंच उचलला. मला वाटलं, आता ते खिडकीच्या गजावर वाजवणार. लास्ट स्टॉपला झोपलेला पॅसेंजर दिसला तर उठवायचा, हा नियम मी त्यांच्याच तोंडून इतक्यांदा ऐकला होता. पण त्यांनी पंच आवाज न करता खिशात ठेवला.

"झोपू दे त्याला," मास्तर म्हणाले.